भाकरीच्या तोंडी लावायला: येसर लावून ओव्हनमध्ये भाजलेली खारी-तिखट रताळी

कार्तिकी एकादशी होऊन पंधरा दिवस झाले होते. लातूरच्या बाजारात रताळ्याच्या ढिगापुढे बसले, तर मावशी तराजू उचलायच्या आधीच म्हणाली, "एकादस कवाच झाली की ताई. आता रताळी कशाला?" भाकरीसोबत खायला, म्हटलं. तिने माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी शिऱ्यात लसूण घालते म्हणाले. पण पाऊण किलोच्या जागी किलोभर तोलून दिली, कारण उपवास सरला की रताळ्याला गिऱ्हाईक नसतं.

आपल्याकडे रताळं म्हणजे उपवास. उकडून, किसून, नाहीतर तुपात परतून वर गूळ. त्याची भाजी करून बघितलेल्यांचा अनुभवही साधारण एकच: फोडी गाळ होतात, रस गुळचट लागतो, आणि घरातली माणसं भाकरीला लोणचं मागतात. मीही दोन-तीनदा हात पोळून घेतल्यावर ओव्हनकडे वळले. आता थंडीत आठवड्यातून एकदा तरी ही रताळी ताटात असतात.

हा पदार्थ म्हणजे तोंडीलावणं आहे. पोटभर खायचा नाही. भाकरी, आंबाडीची भाजी आणि बाजूला या आठ-दहा फोडी, एवढाच त्याचा मान.

गोडवा येतो कुठून

कृतीआधी हे समजून घ्या, कारण पुढची निम्मी खबरदारी याच्यामुळेच आहे. कच्चं रताळं खाल्लं तर फारसं गोड लागत नाही. त्यात पिष्ठ भरपूर असतं आणि त्या पिष्ठाची साखर करणारं एक विकर, म्हणजे एन्झाइमही असतं. रताळं तापायला लागलं, आतली उष्णता साठ-पासष्ट अंशांपुढे गेली, की पिष्ठ फुगतं आणि हे विकर त्याच्यावर जोरात काम करतं. माल्टोज नावाची साखर तयार होते. ऐंशीच्या आसपास गेलं की विकर निकामी होतं आणि साखर बनणं थांबतं. म्हणजे या मधल्या टप्प्यात रताळं जितका वेळ रेंगाळेल तितकं ते गोड.

आजी चुलीतल्या फुफाट्यात अख्खं रताळं पुरून ठेवायची. जेवणं उरकून भांडी होईपर्यंत ते तिथंच. तासाभराने राख झटकून फोडलं की साल ओलं, चिकट, आणि आतला गर असा की गूळ कशाला लागावा. हळूहळू तापल्यामुळे विकराला भरपूर वेळ मिळायचा, इतकंच ते गुपित.

आपल्याला नेमकं उलटं हवंय. खारं-तिखट करायचं तर रताळं तो टप्पा झटक्यात ओलांडून गेलं पाहिजे. म्हणून लहान फोडी आणि कडक आच. मंद ओव्हनमध्ये अख्खं रताळं ठेवून वर कितीही तिखट टाकलं तरी ते तिखट लावलेलं पक्वान्नच लागतं.

रताळी निवडताना

आपल्या बाजारात बहुतेक लाल सालीची, आतून पांढरी मिळतात. शिजल्यावर ती कोरडी, पिठूळ होतात. या कामाला तीच उत्तम. आतून केशरी असलेली रताळी जास्त ओलसर आणि मऊ. त्यांना बाहेरून कुरकुरीतपणा येता येत नाही, आला तरी पाच मिनिटांत जातो. तिरुवनंतपुरमच्या केंद्रीय कंदपीक संशोधन संस्थेने काढलेली 'भू सोना' ही केशरी जात आहे आणि 'भू कृष्णा' जांभळी. केशरीत बीटा कॅरोटिन भरपूर, म्हणून लेकरांना उकडून द्यायला ती चांगली. या ताटात मात्र पांढरीच.

मनगटाएवढ्या जाडीची, मधे फुगीर आणि टोकाला निमुळती बघून घ्या. फार मोठी घेतली तर धागे निघतात. आपल्या भारी काळ्या रानात रताळं वेडंवाकडं वाढतं. हलक्या, निचऱ्याच्या जमिनीतलं सरळ निघतं. वेडंवाकडं चवीला कमी नसतं, पण फोडी सारख्या होत नाहीत आणि खाचेतली माती काढता काढता जीव जातो.

सालीवर टाचणीने टोचल्यासारखी भोकं दिसली तर ते रताळं बाजूला टाका. सोंड्या किड्याचं काम ते. कीड लागली की कंद स्वतःच्या बचावासाठी कडू द्रव्यं तयार करतो. ती भाजून जात नाहीत आणि अंगालाही चांगली नाहीत. कापल्यावर आत काळसर बोगदे किंवा कडवट वास आला तर तेवढाच भाग काढून उरलेलं वापरायची काटकसर करू नका, अख्खं फेका.

आणि फ्रिजमध्ये ठेवू नका. हा उष्ण हवेतला वेल. गारठ्याने गाभा टणक होतो आणि तो कितीही भाजला तरी दाताखाली करकरतो. टोपलीत, अंधारात, वारा लागेल असं ठेवा. मात्र ठेवलेलं रताळं दिवसागणिक गोड होत जातं, तेव्हा या पदार्थासाठी आणल्यापासून दोन-चार दिवसांत वापरलेलं बरं.

जाता जाता: नाल्याकाठी माजलेली बेशरम आणि रताळ्याचा वेल एकाच कुळातले. फुलं शेजारी ठेवून बघा, बहिणी वाटतात.

साहित्य, चार माणसांना

रताळी पाऊण किलो
तेल दोन मोठे चमचे, शेंगदाण्याचं किंवा रिफाइंड करडईचं
मीठ एक लहान चमचा
हळद पाव लहान चमचा
येसर दोन मोठे चमचे
पांढरे तीळ एक मोठा चमचा
लसणाच्या दहा-बारा पाकळ्या आणि दोन हिरव्या मिरच्या, एकत्र ठेचून
शेंगदाण्याचा जाडसर कूट दोन मोठे चमचे
एक लिंबू, मूठभर कोथिंबीर
घाण्यावरचं करडईचं तेल एक लहान चमचा, अगदी शेवटी वरून

मोठा चमचा म्हणजे पंधरा मिलिलिटरचा, लहान म्हणजे पाच.

येसर आपल्याकडच्या लोकांना सांगायला नको. बाहेरच्यांसाठी: भाजलेली धान्यं, डाळी आणि मसाले एकत्र दळून केलेलं हे पीठ, आमटीला दाटपणा आणि खमंगपणा देणारं. लग्नाच्या पंगतीतली येसर आमटी याचीच. मी ते इथं आणलं ते त्यातल्या धान्यामुळे. नुसता मसाला फोडींवर चिकटत नाही, ट्रेवर गळतो आणि जळतो. येसर मात्र तेल धरून ठेवतं आणि फोडीभोवती पातळ, खरपूस कवच करतं. घरी नसेल तर दीड मोठा चमचा ज्वारीचं पीठ कोरडंच तव्यावर खमंग भाजून त्यात अर्धा मोठा चमचा काळा मसाला मिसळा. काम भागतं. पण येसरची सर नाही.

कापणं, भिजवणं आणि पुसणं

रताळी पाण्यात दहा मिनिटं ठेवून नारळाच्या शेंडीने घासून धुवा. साल काढू नका. भाजल्यावर सालीमुळेच फोड आकार धरते आणि तिची किंचित तुरट चव गोडव्याला आवरते.

हाताला आणि सुरीला आधी तेलाचं बोट लावा. रताळ्याचा पांढरा चीक बोटांना काळा पडून बसतो, दोन दिवस निघत नाही. टोकं छाटा. रताळं उभं चिरून दोन भाग, मग प्रत्येकाचे लांब तुकडे, अंगठ्याएवढ्या जाडीचे. लांबी बोटाच्या दोन पेरांएवढी. जाडी सारखी ठेवणं महत्त्वाचं, लांबीत कमीजास्त झालं तर चालतं. बारीक टोकाचे तुकडे वेगळे ठेवा, ते बाकीच्या फोडी उलटताना ट्रेवर टाकायचे, नाहीतर त्यांचा कोळसा होतो.

फोडी साध्या गार पाण्यात अर्धा तास ठेवा. पाणी गढूळ पांढरं होईल, ते वरवरचं पिष्ठ. ते राहिलं तर फोडी एकमेकींना चिकटतात आणि कुरकुरीत व्हायच्या आत रंग धरतात. काही जण या पाण्यात मीठ घालतात. मी घालत नाही, कारण ते पाणी मला कढीपत्त्याच्या कुंडीत घालायचं असतं. 2016 साली मिरजेहून रेल्वेने पाणी आलेलं ज्या गावाने बघितलं, त्या गावात भिजवणाचं पाणी मोरीत ओतायचं धाडस होत नाही.

आता सगळ्यात कंटाळवाणं आणि सगळ्यात महत्त्वाचं काम. फोडी जुन्या धोतराच्या किंवा पंचाच्या फडक्यावर पसरा, वरून दुसरं फडकं घालून दाबा, आणि पंख्याखाली पंधरा मिनिटं सोडा. हाताला अजिबात ओल लागता कामा नये. फोडीवर पाणी असलं तर ओव्हनची पहिली दहा मिनिटं ते पाणी उडवण्यातच जातात. तेवढ्यात रताळं वाफेवर शिजून मऊ आणि गोड होतं.

ओव्हन आणि ट्रे

ओटीजी असेल तर वरची-खालची दोन्ही कांडी चालू करून 210 अंशांवर पंधरा मिनिटं तापवा. कन्व्हेक्शनवाला मायक्रोवेव्ह असेल तर 200 पुरे, त्यात पंखा असतो. साध्या मायक्रोवेव्हमध्ये हे होत नाही, तिथे फोडी वाफवून निघतात. ट्रे रिकामा आतच ठेवा, तोही तापू द्या. गरम ट्रेवर फोड पडली की चर्र वाजलं पाहिजे, भजी सोडताना वाजतं तसं.

घरच्या ओटीजीच्या बटणावरच्या आकड्यांवर फार विसंबू नका. माझा 210 म्हणतो तेव्हा दहा-पंधरा अंशांनी मागेच असतो, हे एक साधं ओव्हन-तापमापक आत ठेवल्यावर कळलं. दोनदा करून बघितलं की आपापल्या ओव्हनचा स्वभाव समजतो.

लाईटचं गणित आधीच बघा. पंधराशे वॉटचा ओटीजी घरगुती इन्व्हर्टर ओढत नाही. मधेच लाईट गेली तर दार उघडू नका. आतली धग दहा-बारा मिनिटं पुरते, शिजणं चालू राहतं. फक्त रंग नंतर तव्यावर आणावा लागतो. सगळ्या कामाला मिळून खर्च एक युनिटच्या आतबाहेर.

भाजणं

परातीत फोडी, दोन चमचे तेल, मीठ आणि हळद. हाताने चोळा, प्रत्येक फोडीला तेलाचा हात लागला पाहिजे. मसाला, येसर, लसूण काहीही आता घालायचं नाही. पहिल्यांदा मी सगळं एकदमच लावलं होतं. लसूण काळा पडला, येसर कडवट झालं, आणि रताळं आत अर्धं कच्चं. शेजारच्या काकू चाखून एवढंच म्हणाल्या, "रंग चांगला आलाय गं." त्यावरून काय ते समजले.

तापलेला ट्रे बाहेर काढून फोडी एका थरात पसरा. दोन फोडींत निदान अर्ध्या बोटाचं अंतर. जागा पुरत नसेल तर दोन घाणे करा, पण दाटीवाटी नको. एका शिवरात्रीला पाहुणे येणार म्हणून मी दीड किलो एकाच ट्रेवर रचली होती. चाळीस मिनिटांनी जे निघालं ते हाताने कुस्करून तुपातला शिरा करण्याजोगं होतं. शेवटी तोच केला.

मधल्या खाचेत ट्रे ठेवा. पहिली पंधरा मिनिटं दार उघडायचं नाही. मग बाहेर काढून उलथण्याने एकेक फोड उलटा. खालची बाजू सोनेरी झाली असेल तर ती सुटून येते. चिकटत असेल तर घाई करू नका, आणखी दोन मिनिटं आत सारा.

फोडी उलटल्यावर येसर आणि तीळ एकत्र करून भुरभुरा. त्यावर तेलाचे चार थेंब शिंपडा, म्हणजे पीठ कोरडं राहणार नाही. पुन्हा आत, आठ ते दहा मिनिटं. घरात आता खमंग वास सुटतो, पण तो तयार झाल्याचा वास नव्हे. येसर मुळात भाजलेलंच असतं, म्हणून ते लवकर दरवळतं. फोडीत सुरी घालून बघा. टोकापासून मध्यापर्यंत विनासायास गेली पाहिजे.

ठेचलेला लसूण-मिरची एक चमचा तेलात कालवून फोडींवर घाला आणि शेवटची पाच मिनिटं. लसणाच्या कडा तांबूस झाल्या की बंद. अजून थोडा हवा असं वाटत असतानाच काढा, गरम ट्रेवर तो पुढेही भाजत राहतो.

ट्रे हलवून ऐका. झालेल्या फोडी ट्रेवर खडखडतात. मऊ राहिलेल्या घसटत सरकतात, आवाज करत नाहीत. माझा भरवसा घड्याळापेक्षा या आवाजावर जास्त.

उतरल्यावर

फोडी पसरट ताटात काढा. डब्यात भरून झाकण लावू नका, आतल्या वाफेने दोन मिनिटांत सगळं कवच भिजेल. गरम असतानाच शेंगदाण्याचा कूट, चिमूटभर मीठ आणि अर्ध्या लिंबाचा रस. लिंबू ऐच्छिक नाही. आंबटाशिवाय खारा-तिखटपणा वरवर राहतो आणि तिसऱ्या घासाला पुन्हा गोडच पुढे येतं. कोथिंबीर त्यानंतर.

घाण्यावरचं करडईचं तेल इथं, कच्चंच, धार धरून. ते ओव्हनमध्ये आधी घातलं तर लवकर धुरावतं आणि त्याचा तो खास वास उडून जातो. लहानपणी करडईच्या तेलाची धार घेऊन ज्वारीची भाकरी खाल्लेल्यांना या चमच्याचं महत्त्व पटवावं लागत नाही.

ताटात सोबत काय? माझं मत: आंबाडीची भाजी पहिली, चुका दुसरा. दोन्ही आंबट, रताळ्याच्या गोडाला बरोबर पुरून उरतात. साधं वरण-भात असेल तरी छान. पिठल्याबरोबर मला आवडत नाही, पिठावर पीठ होतं. जवसाची चटणी घट्ट दह्यात कालवून बाजूला ठेवली तर लेकरं फोडी त्यात बुडवून संपवतात, भाकरी ताटात तशीच राहते, आणि मग ओरडा मला बसतो.

मधुमेह असलेल्यांनी हात राखूनच घ्यावं. उकडलेल्या रताळ्यापेक्षा भाजलेल्याने रक्तातली साखर जास्त झपाट्याने चढते.

उपवासाला करायचं तर

येसर, लसूण, हळद बाद. मीठ-तेल लावून तसंच भाजा, तेलाऐवजी पातळ तूप चालेल. उलटल्यावर येसरच्या जागी दोन चमचे राजगिऱ्याचं पीठ भुरभुरा, कवच तितकंच छान धरतं. जिरं आणि कोथिंबीर आपापल्या घरच्या रीतीप्रमाणे. आमच्या सासरी जिरं चालतं, माहेरी चालत नाही, आणि दोन्हीकडच्या म्हाताऱ्या आपलंच शास्त्र खरं म्हणतात. शेवटी ठेचलेली मिरची, कूट आणि लिंबू.

ओव्हन नसेल तर

जाड बुडाची लोखंडी कढई किंवा तवा घ्या. फोडी बोटाच्या निम्म्या जाडीच्या करा. दोन चमचे तेल चांगलं तापवून एका थरात फोडी, मध्यम-मोठ्या आचेवर झाकण ठेवून सहा-सात मिनिटं. झाकणावर जमलेलं पाणी आत गळू देऊ नका, झाकण उचलताना एका बाजूला तिरपं करून मोरीकडे न्या. मग झाकण काढूनच दोन्ही बाजू खरपूस करा, आणि येसर, तीळ, लसूण त्याच क्रमाने. ओव्हनइतकी एकसारखी होत नाहीत, पण लोखंडाचा डाग पडलेली फोड मला कधीकधी जास्त आवडते.

शेतात हुरड्याला गेलात आणि आगटी पेटलेली असेल तर अख्खी रताळी फुफाट्यात पुरा. ती गोडच होणार. सोलून जाडसर मोडा आणि वर लसणाचा कोरडा ठेचा, मीठ, लिंबू चोळा. हा वेगळा पदार्थ आहे आणि त्याची तुलना वरच्याशी करू नका.

उरली तर

फ्रिजमध्ये एक दिवस राहतात, शिजलेल्या रताळ्याला गारठ्याचं भय नाही. कुरकुरीतपणा मात्र गेलेला असतो आणि पुन्हा गरम करून तो पूर्ण परत येत नाही. मी सकाळी त्या कुस्करते, त्यात ज्वारीचं पीठ, थोडं बेसन, चिरलेला कांदा घालून थालीपिठं थापते. येसर, तीळ, लसूण आधीच आत असल्यामुळे वेगळा मसाला लागत नाही, फक्त मीठ चाखून घ्या. मधे भोक पाडून तेल सोडायचं, झाकण ठेवायचं, आणि पहिलं थालीपीठ तव्याला चिकटणार हे धरूनच चालायचं.